सामाईक

गडग्यावर एक वारूळ आहे.
अर्धं आमच्या सात-बारावर,
अर्धं भालचंद्र भावोजींच्या,
आणि वेंगुर्ल्याच्या कोर्टात अख्खं.
वाळवीला तारखा कळत नाहीत.

नारळी पौर्णिमेनंतरच्या चौथ्या पहाटे
तिथं अळंबी उगवली,
टोप्या मिटलेली, एकमेकांना खेटून,
प्रार्थनेला उभ्या पहिलीच्या वर्गासारखी.
बोट दाखवू नये म्हणतात, कुजतात.
मी बोट दाखवलं नाही.
बॅटरी दातांत धरली आणि खुडत गेले,
आमच्या अर्ध्यातली, मग त्यांच्या अर्ध्यातली.
हद्द दिसण्याइतका उजेड नव्हता,
असं नंतर स्वतःला सांगितलं.

ह्यांनी टोपलीत डोकावून पाहिलं,
म्हणाले, दोघांच्या पोटाला हे जड जाईल.
म्हणून मी आठ जणांना जेवायला बोलावलं.
त्यात पलीकडची दोघं.
इंदुमतीनं परसातूनच मान हलवली,
हो की नाही, ते कळलं नाही.

हळदीच्या पाण्यात माती सुटली.
कांदा, लसूण, अंगणातल्या वेलीची हिरवी मिरी,
जायफळ किसणीवर दोनदाच फिरवलेलं.
अळंबीनं आधी पाणी सोडलं, पुष्कळ,
मग तेच हळूहळू परत प्यायलं.
त्याला घाई चालत नाही. मी स्टुलावर बसून राहिले.

पुस्तकात लोण्याचे पदर सांगितले होते.
श्रावणात आणि दिवे गेलेले असताना
लोणी कुणाचं ऐकतं?
मी साटा घेतला, आईच्या करंज्यांचा,
तांदळाची पिठी तुपात फेसून पांढरीशुभ्र.
पोळीवर साटा, साट्यावर पोळी,
गुंडाळी, काप, पुन्हा लाटणं,
मनगटात कळ येईपर्यंत.
चौकोनी घड्या, कडांना काट्याचे दात.

ओव्हन नाही आमच्याकडे.
स्कूटरच्या पायरीवर परात,
वर ओलं फडकं, अशी कैतानच्या बेकरीत गेले.
पावांची दुसरी खेप निघाली होती.
त्यानं चिमूटभर मैदा भट्टीत फेकला,
रंग बघितला, म्हणाला, अजून रागात आसा, थांब.
आम्ही थांबलो. बोललो नाही फारसं.
चोवीस आत गेली, तेवीस घरी आली.
एक कैताननं उभ्या उभ्या खाल्लं, भाडं म्हणून.

रात्री डॉक्टर तेंडोलकर, नाबर बाई आणि त्यांच्या दोघी बहिणी,
पोस्टातला नवीन मुलगा,
कुळथाची पिठी आवडते म्हणणारा त्याचा मित्र,
आणि दाराजवळच्या खुर्चीत भावोजी,
कडक इस्त्रीचा शर्ट, कडेवर बसल्यासारखे.
नऊ वर्षं.
ताटली फिरत त्यांच्यापर्यंत गेली.

त्यांनी एक घेतलं, मोडलं.
पदर शर्टावर सांडले. झटकले नाहीत.
आतल्या सारणाकडे बघत राहिले,
मग गडग्याच्या दिशेच्या खिडकीकडे,
मग खाल्लं, सावकाश,
सहीआधी कागद वाचावा तसं.
माझ्या हातातला डाव आमटीत बुडाला.

"मीठ कमी आसा."

डॉक्टर मोठ्यानं हसले,
"शिरोड्यात ऱ्हवान मीठ कमी?"
मिठागरं इथून हाकेच्या अंतरावर.
आणि मीठ बरोबर होतं.
मी तीनदा चाखलं होतं, कैताननंही.

मिठाची वाटी मी त्यांच्यापुढे सरकवली.
त्यांनी मोजून चार कण टाकले,
दुसरं उचललं, त्यावरही चार.
नाबर बाई नव्या पोस्टमनला लग्नाचं विचारत होत्या.
इंदुमती मला साट्याचं प्रमाण विचारत होती,
जणू काल दुपारीच बोललो होतो.
तिसऱ्यावर मीठ टाकायचं
भावोजी विसरले.

गुरुवारी तारीख आहे.
दोघं एकाच एस.टी.नं जातात,
एक पुढच्या बाकावर, एक मागच्या,
मधे कोळणींच्या पाट्या.
चार उरलीत. डब्यात भरून ठेवलीत.
डबा कुणाच्या पिशवीत घालायचा
ते अजून ठरवलं नाही.